राखी भुंगेऱ्याला बरोबर नाव कसं द्यायचं: रुंद सोंडेच्या भुंगेऱ्यांची ओळख, पायरी पायरीने

पानांच्या कडेला अर्धगोल खाचा पडलेल्या असतात, फांदीला जरा धक्का लागला की राखाडी रंगाचा, तांदळाच्या दाण्याएवढा एक भुंगेरा टपकन खाली पडतो, पाय पोटाशी घेऊन गप्प पडून राहतो, मेला की काय असं वाटतं, आणि तुम्ही दुसरीकडे बघितलं की गायब. कापूस, वांगं, भेंडी, आंबा, बोर, जास्वंद, लिंबू, जवळपास कुठेही सापडतो. कुणी राखी भुंगेरा म्हणतं, कुणी करडा भुंगेरा, कुणी नुसतं ग्रे वीव्हिल. अडचण अशी आहे की हे एका किड्याचं नाव नाहीच, अशाच दिसणाऱ्या कितीतरी वेगवेगळ्या जातींना मिळून लोक हे नाव वापरतात, आणि मग नवीन माणूस फोटो काढतो, शोधतो, पहिला सारखा दिसणारा फोटो सापडला की त्याखालचं लॅटिन नाव उचलतो आणि तिथेच घोळ होतो.

या लेखात मी एकच जाती धरून चाललोय, मायलोसेरस अंडेसिमपस्टुलॅटस. भारत आणि पाकिस्तानच्या बाजूची, पिकांवर नेहमी दिसणारी. हिला ओळखायला शिकलात की रुंद सोंडेच्या बाकीच्या भुंगेऱ्यांकडे कसं बघायचं तेही आपोआप कळतं. माझं म्हणणं एवढंच आहे की वरून खाली या. आधी गण, मग कुळ, मग उपकुळ, मग जीनस (जवळच्या जातींचा गट, नावातला पहिला शब्द), आणि सगळ्यात शेवटी जाती. प्रत्येक पायरीवर डोळ्याला दिसणारा एक प्रश्न असतो, त्याचं उत्तर मिळालं तर पुढे जायचं, नाही मिळालं तर तिथेच थांबून तेवढंच नाव लिहायचं. "मायलोसेरस, जाती माहीत नाही" हे पूर्ण प्रामाणिक आणि कामाचं उत्तर आहे. चुकीचं पूर्ण नाव त्यापेक्षा कितीतरी वाईट, कारण ते पुढच्या दहा जणांच्या वहीत जातं.

सुरुवातीचं सामान

फार काही लागत नाही. १० पट मोठं दाखवणारं छोटं भिंग, पांढरा कापड किंवा उलटी धरलेली छत्री, झाकणाच्या छोट्या बाटल्या, मऊ ब्रश, पेन्सिल आणि जाडसर कागदाच्या चिठ्ठ्या. पेन्सिल मुद्दाम म्हणतोय, बॉलपेनची शाई अल्कोहोलमध्ये विरघळते आणि मग बाटलीत किडा राहतो पण तो कुठला, कधीचा, कशावरचा हे सगळं पुसलं जातं, आणि तसा किडा अभ्यासाला जवळजवळ निरुपयोगी. मोबाईलला लावायची मॅक्रो लेन्स असेल तर उत्तम. मायक्रोस्कोप शेवटच्या पायरीला लागतो, सुरुवातीला नाही.

पकडायचं कसं

खाचा पडलेली पानं शोधा, खाली कापड धरा आणि फांदीवर काठीने एकच ठोका द्या. हळूहळू हलवत बसलात तर ते एकेक करून आधीच खाली उड्या टाकतात आणि गवतात जातात. पडल्यावर ते मेल्याचं सोंग घेतात, त्याच वेळात बाटलीत घ्या. कुठल्या झाडावर मिळाला ते तिथल्या तिथे लिहा, पण एक लक्षात ठेवा, झाडावर बसलेला दिसला म्हणजे तो ते झाड खातोच असं नाही. खाताना बघितलं असेल तर तसं वेगळं लिहा, "खाताना पाहिला" हे दोन शब्द फार मोलाचे असतात.

मारण्यासाठी एक दिवस फ्रीझरमध्ये ठेवणं हा नवीन माणसासाठी सगळ्यात साधा मार्ग. थेट अल्कोहोलमध्ये टाकला तरी चालतो, ७० टक्के, पण या भुंगेऱ्यांच्या अंगावर बारीक खवले असतात, राखाडी-पांढरा रंग त्या खवल्यांचाच, खालचं कवच काळपट असतं, त्यामुळे ओला किडा एकदम वेगळाच दिसतो आणि बाटलीत हलत राहिला तर खवले झडतात. म्हणून दोन-चार किडे कोरडे ठेवा आणि बाकीचे अल्कोहोलमध्ये. (अल्कोहोल जवळ असताना मेणबत्ती, गॅस काही नको, हे सांगायची गरज नसावी पण सांगतो.)

पायरी १: हा भुंगेराच आहे ना?

पाठीवर बघा. पुढचे दोन पंख टणक कवचासारखे आणि मधोमध एका सरळ रेघेत मिळतात का? मिळत असतील तर भुंगेरा, गण कोलिओप्टेरा. ढेकणाच्या गणातल्या बऱ्याच किड्यांचे पंख एकावर एक चढलेले असतात, आणि त्यांचं तोंड सुईसारखं, रस शोषणारं. भुंगेऱ्याचं तोंड चावणारं. या गणात सुमारे ४ लाख जाती नोंदलेल्या आहेत, म्हणजे इथे पोचलात तर अजून काहीच ठरलेलं नाही. पुढे चला.

पायरी २: सोंड आहे का आणि मिशी कुठून निघते?

आता बाजूने बघा. वरून बघितलं तर या गटात हमखास फसायला होतं. डोकं पुढे लांबून सोंड झालेली आहे का, आणि मिशा त्या सोंडेवरूनच निघतात का? तसं असेल तर तुम्ही सोंडकिड्यांच्या महाकुळात आलात, कर्क्युलिओनॉइडिया, यात सुमारे ६२ हजार जाती आहेत. सोंडेच्या अगदी टोकाला जबडे असतात, म्हणजे हत्तीसारखी ती नाकाची सोंड नाही, डोकंच पुढे ताणलेलं आहे आणि तोंड टोकाला.

डाळी-कडधान्यात भोकं पाडणारा भुंगेरा लोक सोंड्या म्हणून सर्रास सांगतात, इंग्रजीतही त्याला वीव्हिल म्हणायची सवय आहे, पण त्याला सोंड नाही आणि तो पानं खाणाऱ्या भुंगेऱ्यांच्या कुळातला आहे, क्रायसोमेलिडे. तांदळातले सोंडे मात्र खरे सोंडकिडे.

आता मिशी. पहिला दांडा लांब आणि मग कोपरासारखा काटकोनात वाकलेली, टोकाला गाठ, अशी मिशी असेल तर ढोबळमानाने कर्क्युलिओनिडे कुळ. मिशी सरळ असेल, कोपर नसेल, तर दुसरी कुळं बघायची, उदाहरणार्थ रताळ्यावरचा सोंड्या, सायलस फॉर्मिकॅरियस, तो ब्रेंटिडे कुळातला, पानं गुंडाळून त्यात अंडी घालणारे अॅटेलाबिडे कुळातले. ढोबळमानाने म्हणतोय कारण अपवाद आहेत, पण नवीन माणसाला दहातल्या नऊ वेळा एवढं पुरतं.

नावाच्या शेवटाकडेही आत्ताच लक्ष द्यायला शिका, फार सोपं आहे: शेवट "इडे" असेल तर ते कुळ, "इने" असेल तर उपकुळ, आणि "इनी" असेल तर त्याखालचा गट, ज्याला ट्राइब म्हणतात. हे प्राण्यांच्या सगळ्या नावांना लागू आहे, त्यामुळे एखादं नाव पहिल्यांदा वाचलं तरी ते शिडीच्या कुठल्या पायरीवरचं आहे ते लगेच समजतं.

पायरी ३: सोंड रुंद का लांब?

ही माझ्या मते सगळ्यात गंमतीची पायरी आहे आणि इथे वेळ घालवा. कर्क्युलिओनिडे कुळात एका बाजूला लांब, बारीक, वाकलेल्या सोंडेचे भुंगेरे, आणि दुसऱ्या बाजूला आखूड, जाड, चौकोनी थोबाडाचे. आपला राखी भुंगेरा दुसऱ्या बाजूचा. सोंडेची लांबी आणि रुंदी जवळपास सारखी किंवा लांबी थोडीच जास्त. अशांना ब्रॉड-नोज्ड वीव्हिल म्हणतात, उपकुळ एंटिमिने, आणि एकट्या या उपकुळात १२ हजारांहून जास्त जाती आहेत. न्यू गिनीतले निळे-हिरवे युफोलस, फिलिपिन्समधले ठिपक्यांचे पॅकिऱ्हिंकस, ब्राझीलचा हिऱ्यासारखा चमकणारा एंटिमस इम्पेरियालिस, ज्याच्या जीनसवरून या उपकुळाला नाव मिळालं, हे सगळे आपल्या धुळकट राखी भुंगेऱ्याचे भाऊबंद.

सोंड आखूड का, हे समजलं की पाठ करावं लागत नाही. लांब सोंडेच्या कितीतरी जातींमध्ये मादी सोंडेने फळाला, बीला किंवा खोडाला भोक पाडते आणि त्यात अंडी घालते, कर्क्युलिओ जीनसमधल्या माद्या ओकच्या कडक फळालाही असंच भोक पाडतात, आणि अळी आतच वाढते. म्हणजे सोंड हे मादीचं ड्रिल. रुंद सोंडेवाल्या मादीला भोक पाडायचंच नसतं, ती अंडी मातीवर, पालापाचोळ्यात किंवा पानं एकमेकांना चिकटवून मधे घालते, अळी मातीत जाते आणि मुळं खाते. ड्रिलचं काम नाही म्हणून ड्रिल नाही. आणि अळीला एकाच फळात, एकाच बीत राहायचं नसल्यामुळे हे भुंगेरे खाण्याच्या बाबतीत फारसे चोखंदळ नसतात, म्हणूनच एकच जाती इतक्या वेगवेगळ्या झाडांवर दिसते. तेव्हा या गटात झाडावरून किड्याचं नाव ठरवायला जाऊ नका, लांब सोंडेवाल्यांमध्ये ते बऱ्याचदा जमतं, इथे नाही.

एंटिमिनेची दुसरी खूण जबड्यावर असते आणि ती मला या सगळ्या विषयात सगळ्यात सुंदर वाटते. कोषातून बाहेर आलेला कोवळा भुंगेरा अजून मातीच्या आत एका छोट्या पोकळीत असतो, त्याला माती फोडून वर यायचं असतं, आणि त्यासाठी त्याच्या जबड्यांवर जादाचा एक दातासारखा सुळा असतो. वर आल्यावर काही काळाने तो सुळा तुटून पडतो आणि जबड्यावर एक गोलसर वण राहतो. किडा समोरून बघा, भिंग लावा, उजेड तिरका पाडा, जबड्याच्या बाहेरच्या बाजूला तो वण दिसतो. कधी नशिबाने नुकताच वर आलेला भुंगेरा मिळतो आणि सुळा अजून लागलेला असतो. मी पहिल्यांदा तसा किडा बघितला तेव्हा दुसरीच जाती मिळाली असं समजून बसलो होतो, शेजारी त्याच झाडावरचा दुसरा किडा ठेवला तेव्हा कळलं की फरक वयाचा आहे. प्रत्येक एंटिमिनेमध्ये हा वण असतोच असं नाही, काही गटांत नाही, त्यामुळे नसला म्हणून लगेच बाद करू नका, पण आखूड सोंड आणि वण दोन्ही असेल तर निर्धास्त पुढे जा.

इथे एक सापळा आहे. लाकडात, सालीखाली राहणारे साल-भुंगेरेही आता याच कर्क्युलिओनिडे कुळात धरतात आणि त्यांना सोंड जवळजवळ नसतेच. मग "आखूड सोंड" म्हणून कुणी त्यांना रुंद सोंडेवाले म्हणतं. त्यांचं अंग छोट्या नळकांड्यासारखं असतं, डोकं बऱ्याचदा वरून दिसतच नाही, आणि राहणी लाकडातली.

पायरी ४: ट्राइब

इथे फार थांबू नका. एंटिमिनेमध्ये पन्नासच्या वर ट्राइब आहेत आणि त्यांच्या सीमा अजून हलत असतात. तरी दोन गोष्टी बघायची सवय लावा. एक, सोंडेवर मिशीचा दांडा बसायची जी खाच असते ती वरून दिसते का, का बाजूला असून डोळ्याखाली वळते. दोन, पंखांचे खांदे. मायलोसेरसला खाच वरच्या अंगाला आणि खांदे ठळक, पंखांचा भाग छातीपेक्षा स्पष्ट रुंद दिसतो, कवचाखाली उडायचे पंख असतात. याउलट युरोपातला काळा ओटिओऱ्हिंकस सल्कॅटस बघा, त्याचे खांदे उतरलेले, कवच मधोमध जुळून गेलेलं, उडताच येत नाही. खांदे उतरलेला रुंद सोंडेचा भुंगेरा दिसला की तो बहुतेक न उडणारा, ही खूण कामाला येते.

मायलोसेरस सध्या सायफिसेरिनी ट्राइबमध्ये धरतात. जुन्या पुस्तकात मात्र तो ओटिओऱ्हिंकिने या उपकुळात सापडेल आणि ते वाचून गोंधळायला होतं. आधी मिशीची खाच वर का बाजूला यावरून रुंद सोंडेवाल्यांची दोन मोठी उपकुळं करायचे, नंतर ती भिंत टिकली नाही आणि सगळे एंटिमिनेखाली आले. किडा तोच, पत्ता बदलला.

पायरी ५: मायलोसेरस आहे का?

जीनस ठरवताना एकच खूण धरून चालत नाही, तीन-चार एकत्र जमायला हव्यात. अंगावर खवले, करडे, पांढुरके, कधी फिकट हिरवट. मिशीचा पहिला दांडा लांब, मागे वळवला तर डोक्याच्या पलीकडे छातीपर्यंत पोचणारा. खांदे ठळक. आणि मांडीच्या खालच्या कडेला बारीक काटे. काटे बघायला किडा उलटा करून पाय थोडा ओढावा लागतो, वाळलेला असेल तर पाय तुटेल, म्हणून आधी झाकणाच्या डबीत ओल्या कापसाबरोबर रात्रभर ठेवा, मऊ होतो.

हा जीनस स्वीडनच्या शोनहेर यांनी १८२३ मध्ये केला. शोनहेर यांचा घरचा रेशमाचा धंदा होता आणि त्यांनी आयुष्याचा मोठा भाग सोंडकिडे लावण्यात घालवला. त्यांच्या आधीचा काळ आठवा, लिनियस यांनी १७५८ मध्ये बहुतेक सगळे सोंडकिडे एका कर्क्युलिओ जीनसमध्ये ठेवले होते, तेव्हा त्यातून शेकडो जीनस वेगळे करणं हे केवढं काम असेल.

आता मायलोसेरसमध्येच ३०० च्या वर जाती आहेत. म्हणून म्हणतो, इथपर्यंत पोचलात आणि थांबलात तरी चांगलं काम झालं.

पायरी ६: जाती

अंडेसिमपस्टुलॅटस या शब्दाचा लॅटिन अर्थ अकरा ठिपक्यांचा. नाव कीटकशास्त्रज्ञ फाउस्ट यांनी १८९१ मध्ये दिलं. साहजिक नवीन माणूस ठिपके मोजायला बसतो, आणि तेच करू नका. पंखांवरचे गडद डाग खवल्यांनी बनलेले असतात, आणि खवले वयाबरोबर, पावसाने, बाटलीत घासून झडतात. एकाच झाडावरून घेतलेल्या दहा किड्यांत डाग ठळक, पुसट, तुटक, सगळे प्रकार मिळतील. मी एकदा असेच दोन किडे दोन वेगळ्या जाती म्हणून डबीत लावले होते, पुढे मांड्यांचे काटे आणि पोटातले अवयव तपासले तर दोन्ही एकच, एकाचे खवले फक्त झिजलेले. तेव्हापासून रंगावरून फक्त अंदाज बांधतो, नाव लिहीत नाही.

मग बघायचं काय? मांडीवर किती काटे आहेत, पुढच्या, मधल्या आणि मागच्या पायांवर वेगवेगळे मोजा, त्यातला मोठा कुठला, तोही बघा. डोकं आणि सोंडेचा वरचा भाग, तिथे खाचा किंवा उंचवटे कसे. मिशीच्या गाठीआधीच्या तुकड्यांची लांबी एकमेकांच्या तुलनेत. छातीच्या भागाची लांबी-रुंदी. आणि सगळ्यात भरवशाचं म्हणजे नराचा जननेंद्रियाचा भाग आणि मादीच्या पोटातली वीर्य साठवायची इवलीशी आकड्यासारखी पिशवी, तिचा आकार जातीनुसार बदलतो. त्यासाठी किडा गरम पाण्यात मऊ करून पोट वेगळं काढतात आणि १० टक्के कॉस्टिक पोटॅशमध्ये ठेवतात म्हणजे मांसल भाग निघून जातो आणि कडक भाग राहतो. हे द्रावण कातडी जाळतं, डोळ्याला फार घातक आहे, म्हणून हे पहिल्यांदा कुणा जाणकारासमोर बसूनच शिका, हातमोजे आणि चष्मा घालून.

एक गोष्ट मात्र ध्यानात ठेवा, रुंद सोंडेवाल्यांत अशाही जाती आहेत जिथे नर सापडतच नाहीत. मघाशी सांगितलेल्या ओटिओऱ्हिंकस सल्कॅटसमध्ये माद्या नराशिवायच अंडी घालतात आणि त्यातून पुन्हा माद्याच होतात. तिथे नर शोधत बसण्यात अर्थ नाही, मादीच्याच खुणा बघाव्या लागतात.

आपल्या भागातल्या सारख्या दिसणाऱ्या जाती ओळखीच्या करून घ्या. वांग्यावर मायलोसेरस सबफॅसिएटस असतो, त्याची अळी मुळं खाते आणि उभं झाड एकाएकी सुकतं. मायलोसेरस डिस्कलर आंब्यासकट बऱ्याच झाडांवर. हे तिघं एकाच तालुक्यात, कधी एकाच शेतात असू शकतात, आणि वरवर बघणाऱ्याला तिघेही "राखी भुंगेरा".

इंग्रजी वाचता येत असेल तर गाय मार्शल यांचा भारत, श्रीलंका आणि ब्रह्मदेशातल्या सोंडकिड्यांवरचा १९१६ चा ग्रंथ जरूर बघा, मार्शल यांचा जन्म अमृतसरचा, आणि त्या खंडात मुख्यतः आपले हे रुंद सोंडेवालेच आहेत. ओळखीचे तक्ते, म्हणजे "असं असेल तर इकडे, तसं असेल तर तिकडे" अशा जोड्या, त्यात आहेत. उपकुळांची नावं जुनी आहेत एवढं डोक्यात ठेवून वाचा, अंगावरच्या खुणांची वर्णनं आजही कामाची.

नाव का बदलतं, एक खरं उदाहरण

सप्टेंबर २००० मध्ये अमेरिकेत फ्लोरिडाच्या ब्रॉवर्ड काउंटीत लिंबाच्या वर्गातल्या झाडावर एक राखी भुंगेरा मिळाला, तिथे आधी कधीच नसलेला. त्याची ओळख आपल्याच अंडेसिमपस्टुलॅटसची उपजाती म्हणून झाली, मायलोसेरस अंडेसिमपस्टुलॅटस अंडॅटस, यातलं अंडॅटस हे नाव मार्शल यांनी १९१६ मध्ये दिलेलं, किडा श्रीलंकेचा. पुढे ती वेगळी जाती धरली गेली आणि आता नाव नुसतं मायलोसेरस अंडॅटस. तिथे आता तो १५० पेक्षा जास्त प्रकारच्या झाडांवर नोंदला गेलाय.

हा नुसता कागदावरचा बदल वाटेल, पण विचार करा. उपजाती मानली तर मूळ घर भारत, पाकिस्तान, श्रीलंका असं सगळं पसरतं. वेगळी जाती मानली तर मूळ घर श्रीलंका. बाहेरून आलेल्या किड्याला आवर घालायला त्याचे मूळचे शत्रू शोधायचे असतील तर कुठल्या देशात जाऊन शोधायचं हे त्या एका नावावर ठरतं. आणि भारतातल्या शेतावर लिहिलेली माहिती फ्लोरिडातल्या किड्याला जशीच्या तशी लावायची का, हेही. जुने लेख वाचताना त्यामुळे प्रत्येक ठिकाणी बघा की लेखक कुठल्या देशातल्या किड्याबद्दल बोलतोय.

अळी मिळाली तर

मातीत मिळालेली अळी म्हणजे लगेच हुमणी असं धरू नका. हुमणीला छातीशी पायांच्या तीन जोड्या असतात, स्पष्ट दिसतात. सोंडकिड्याच्या अळीला पाय नसतातच, पांढरट, जाडसर, थोडी वाकलेली, डोकं तपकिरी. एवढा फरक भिंगाशिवायही कळतो. पण अळीवरून जाती ओळखणं हे फार थोड्या लोकांचं काम आहे, त्यापेक्षा ती मुळांसकट आणि मातीसकट कुंडीत ठेवा, वर जाळी बांधा, आणि भुंगेरा निघायची वाट बघा. या जातींची नोंदलेली साखळी साधारण अशी आहे: मादी २४ दिवसांत ३६० पर्यंत अंडी घालते, ३ ते ५ दिवसांत अळ्या निघतात, एक ते दोन महिने मुळं खातात, मग मातीतच साधारण आठवडाभर कोष. म्हणजे दोन महिने धीर धरायची तयारी ठेवा, माती वाळू देऊ नका आणि चिखलही करू नका.

नाव लिहायची पद्धत

जीनस आणि जाती तिरप्या अक्षरात, मग नाव देणाऱ्याचं आडनाव आणि वर्ष. मायलोसेरस अंडेसिमपस्टुलॅटस फाउस्ट, १८९१, इथे कंस नाही, म्हणजे फाउस्ट यांनी याच जीनसमध्ये नाव दिलं होतं. ओटिओऱ्हिंकस सल्कॅटस (फाब्रिसियस, १७७५), इथे कंस आहे, कारण फाब्रिसियस यांनी तो कर्क्युलिओ म्हणून लिहिला होता आणि जीनस नंतर बदलला. कंस शोभेचा नसतो, त्यात तो इतिहास आहे, म्हणून स्वतःच्या मनाने घालू किंवा काढू नका.

डबीत लावताना

एवढा लहान किडा सुईने टोचला तर फुटतो. जाड कागदाचा छोटा त्रिकोण कापा, टोक किंचित खाली वाकवा, त्यावर थेंबभर डिंक, आणि किड्याची उजवी बाजू त्या टोकाला चिकटवा, सुई त्रिकोणाच्या रुंद बाजूतून जाते. डिंक इतका थोडा की पोटाखालचे पाय आणि मांड्यांचे काटे झाकले जाणार नाहीत, नवीन माणूस बहुतेक वेळा डिंक जास्त लावतो आणि नेमकं जे बघायचं असतं तेच गाडतो. फोटो चार काढा: वरून, बाजूने, समोरून, आणि मांड्यांचा खालून. फक्त वरचा फोटो असेल तर कुणीही तज्ज्ञ तुम्हाला जाती सांगू शकणार नाही, त्याचा राग मानू नका.

सुईखाली दोन चिठ्ठ्या. पहिलीवर ठिकाण, अक्षांश-रेखांश, तारीख, झाड, पकडणाऱ्याचं नाव. ही कधीच बदलत नाही. दुसरीवर किड्याचं नाव, कुणी ओळखलं आणि कुठल्या वर्षी. ही बदलू शकते. उद्या कुणी जास्त जाणत्या माणसाने तुमचं नाव चूक ठरवलं तर जुनी चिठ्ठी काढून टाकू नका, नवी तिच्याखाली टोचा, म्हणजे डबी उघडणाऱ्याला त्या किड्याची आजवरची सगळी नावं एका सुईवर वाचता येतील.